हरभऱ्यातला पिवळा धोतरा : काढला तरी दरवर्षी का येतो, आणि आधी काय तपासायचं

"मागच्या साली बाया लावून सगळा काढला होता, तरी यंदा दुप्पट आला." रब्बी सुरू झाली की हे वाक्य आमच्या शिवारात हमखास ऐकायला मिळतं. स्वतःच्या रानात आणि भाऊकीच्या, पाव्हण्यांच्या रानात हेच तण पुन्हा पुन्हा निस्तरून माझं एक मत पक्कं झालंय. दोष बहुतेक वेळा खुरपणीचा नसतो. बी दरवर्षी कुठल्या तरी वाटेनं नव्यानं रानात येत असतं आणि ती वाट कुणी शोधत नाही. म्हणून खाली आधी लक्षणं दिली आहेत आणि मग तपासण्या. बिनपैशाच्या तपासण्या पहिल्या, खर्चाच्या आणि कष्टाच्या शेवटी. तणनाशक मुद्दाम सगळ्यात खाली ठेवलंय.

लक्षणं

हरभरा, करडई किंवा कांद्याच्या रानात दिवाळीनंतर, रात्री गार पडायला लागल्या की ही रोपटी दिसू लागतात. त्याच रानात खरिपात सोयाबीन असताना एकही नव्हतं.

पानं जमिनीलगत गोल पसरलेली, रंग निळसर हिरवा, शिरांवर पांढरे पट्टे, कडेला काटे. गुरं बाजूचं गवत खातात, याला तोंड लावत नाहीत.

येळवशीच्या (डिसेंबर-जानेवारीतल्या वेळ अमावास्येच्या) आगेमागे पहिली पिवळीधमक फुलं, नंतर काटेरी बोंडं.

कोळपं फिरलं की रान दोन दिवस स्वच्छ दिसतं. पण तासातली, हरभऱ्याच्या बुडाला चिकटून उगवलेली रोपं तशीच राहतात आणि जानेवारीत पिकाच्या वर डोकं काढतात. काही ठिकाणी खुरपलेल्या जागीच पुन्हा फुटवा येतो.

हरभरा काढणीला येतो तेव्हा याची बोंडं वाळून वरून उघडलेली असतात. काढणाऱ्या बायांचे हात फाटतात. पुढच्या वर्षी त्या तुमच्या रानात यायला कां कूं करतात, आणि त्यांचं काही चुकत नाही.

दरवर्षी व्याप्ती वाढते, आणि बहुधा एका बाजूनं वाढते. हे शेवटचं लक्षण सगळ्यात कामाचं आहे. ते नीट पाहिलं तर निम्मं निदान तिथंच होतं.

तो पिवळा धोतराच आहे का?

याला खर्च एका पानाचा. पान किंवा देठ मोडा. हळदीसारखा पिवळा चीक निघाला तर पिवळा धोतरा. काही गावांत याला बिलायत म्हणतात. पांढरं दूध निघालं तर ती पाथरी किंवा तिच्या जातीचं दुसरं काही. फूल तिचंही पिवळंच, पण ती निरुपद्रवी आहे आणि जनावरं आवडीनं खातात. चीकच निघाला नाही आणि पान काटेरी असेल, तर आधी खात्री करा की ती गेल्या वर्षी सांडलेल्या करडईची रोपं नाहीत. लहानपणी दोन्ही लांबून सारखी दिसतात आणि मजुरांनी करडईच उपटून टाकल्याचं मी पाहिलंय. जमिनीवर सपाट पसरलेली, जांभळ्या फुलांची काटेरिंगणी वेगळी, निळसर गोंड्याचा उटकटारा वेगळा.

फूल आलेलं असेल तर शंका उरत नाही. साधारण सहा पातळ पिवळ्या पाकळ्या, मध्ये पुंकेसरांचा झुपका. नेहमीच्या धोतऱ्याशी याचं नातं नाही. हे अफूच्या कुळातलं झाड, मूळचं मेक्सिकोचं, शास्त्रीय नाव आर्जिमोन मेक्सिकाना.

ही तपासणी एवढ्यासाठी की याचं वागणं बाकी तणांपेक्षा वेगळं आहे. हे वर्षायू आहे. हरळी-कुंद्याला जमिनीखाली कांडी असते, काँग्रेस गवत बारा महिने उगवतं. याला फक्त बी आहे, आणि ते बी थंडीची चाहूल लागल्यावरच उगवतं. म्हणजे याला अडवायचे दिवस वर्षातून थोडेच, पण ते ठरलेले. एका बोंडात तीनशे-चारशे बिया असतात आणि चांगल्या वाढलेल्या झाडाला पन्नासाच्या वर बोंडं सहज लागतात. वरून हे बी मातीत कित्येक वर्षं जिवंत राहतं. तेव्हा "यंदा काढला म्हणजे संपला" हा हिशेब मुळातच बसत नाही. नवं बी पडू दिलं नाही तर दोन-तीन रब्बीत डोळ्यांना दिसेल इतका फरक पडतो, त्याआधी नाही.

रानात फिरून नकाशा काढा

कागद-पेन घ्या, नाहीतर मोबाईल. डिसेंबरात एकदा सगळ्या रानातून फिरा आणि कुठं दाट, कुठं विरळ एवढंच टिपा. कुठं आहे त्यावरून कुठून आलं ते कळतं.

धुऱ्याच्या (बांधाच्या) कडेनं दाट आणि आत विरळ असेल तर बी धुऱ्यावरून, पांदणीवरून किंवा शेजारच्या पडीकातून येतंय. पाण्याच्या दांडालगत आणि सरीच्या तोंडाशी दाट असेल तर पाण्यासोबत येतंय. मधूनच गोल गोल ठिपक्यांसारखं दिसलं, तर शेणखताच्या गाड्या कुठं ओतल्या होत्या ते आठवा. मळणी यंत्र उभं होतं तिथून पंख्यासारखं पसरलेलं असेल तर यंत्र किंवा भुसा. आणि सगळ्या रानात एकसारखं, जणू तिफणीनं पेरल्यासारखं असेल, तर दोनच शक्यता: तळ्याचा गाळ टाकलाय किंवा बरीच वर्षं बोंडं रानातच फुटू दिलीत.

हे न करता थेट औषधाच्या दुकानात जाणारे फार. दुकानदार एकच विचारतो, किती एकर. तुमचं तण कुठल्या कोपऱ्यात आहे हे त्याला कसं कळणार?

खुरपं किती खोल जातं, आणि कधी?

पुन्हा फुटवा येत असेल तर आधी हेच पाहा. खुरपलेल्या जागी बोटानं माती उकरा. पांढरट जाड सोटमूळ आणि त्याच्या टोकाला पानांचा बुडखा शिल्लक दिसला, तर खुरपं वरून फिरलंय. या झाडाला मातीलगतच्या बुडख्यातून नवे कोंभ फुटतात. बुडख्याच्या खाली, दोन बोटं मातीत जाऊन मूळ तुटलं की ते मरतं. मजुरांना सांगताना "नीट खुरपा" म्हणून भागत नाही. एक रोप स्वतः मुळासकट काढून दाखवा.

वेळ त्याहून महत्त्वाची. चार-सहा पानांवर असताना काटे मऊ असतात, मूळ बोटभर असतं, आणि ओल असेल तर हातानं उपटतं. पेरणीनंतर तीन-चार आठवड्यांनी पहिली कोळपणी आणि लगेच मागून तासातली खुरपणी, हा बेत जमला तर निम्मं काम होतं. कोळपं दोन तासांच्या मधलं काढतं, तासातलं काढत नाही. तिथं हातच लागतो. जानेवारीत, झाड गुडघ्याएवढं झाल्यावर तेच काम दुप्पट मजुरीत होतं आणि हरभऱ्याच्या फांद्या मोडतात त्या वेगळ्या.

फुलावर आलेलं झाड अजून उशिराचं नाही. बोंड धरलेलं मात्र उपटून धुऱ्यावर फेकायचं नाही. हिरवं बोंड झाडावर तसंच वाळलं तरी त्यातलं बरंचसं बी पुढं उगवण्याइतकं तयार होतं. पोत्यात भरा आणि एका कोपऱ्यात खड्डा करून हातभर मातीखाली गाडा. तो खड्डा पुन्हा उकरायचा नाही, एवढं घरच्यांना सांगून ठेवा.

धुरा, पांदण आणि शेजारी

माझ्या अनुभवात सगळ्यात जास्त वेळा दोष इथंच निघतो, म्हणून जरा सविस्तर.

रान आपण चकाचक ठेवतो आणि धुरा तसाच सोडतो. या झाडाला उकरलेली, उघडी, खडकाळ-मुरमाड कशीही जमीन चालते. धुऱ्यावर जेसीबी फिरला, रस्त्याचा भराव पडला, विहिरीचा मुरूम टाकला की पुढच्या हिवाळ्यात तिथं हेच पहिलं उगवतं. पिकाची सावली नाही, खुरपं नाही, गुरं खात नाहीत. मग एप्रिलपर्यंत ते फुलत, फुटत राहतं. पाऊस पडला की बी उतारानं रानात.

तपासणी सोपी आहे. फेब्रुवारीत, हरभरा घाट्यावर असताना, धुऱ्यावरून एक फेरी मारा. वाळलेलं बोंड हलवून पाहा. वरच्या टोकाला फटी पडलेल्या असतात आणि मिरीदाणीतून मिरपूड पडावी तसं काळं बी खाली पडतं. अशी झाडं धुऱ्यावर दिसली तर रानातल्या खुरपणीचे पैसे तुम्ही एका हातानं देताय आणि दुसऱ्या हातानं घालवताय.

धुरा सामाईक असेल तर गोष्ट नाजूक होते. धुऱ्यावरून आपल्याकडं कोर्टापर्यंत गेलेली भांडणं काही कमी नाहीत, त्यामुळं "तुमचं तण माझ्या रानात येतं" या वाक्यानं सुरुवात करू नका. "काका, मी माझ्या बाजूचा धोतरा काढतोय, बाया आहेतच, तुमच्या बाजूचाही काढून घेऊ का?" असं विचारलं तर नाही म्हणणारा शेजारी मला अजून भेटायचा आहे. अर्ध्या दिवसाची मजुरी जाते, पण ती कुठल्याही औषधापेक्षा स्वस्त पडते. फक्त धुरा कोरायला जाऊ नका. नुसतं झाड काढा. माती उकरली की त्याला पुन्हा नवी जागा तयार.

उकिरडा

शेणातून हे बी येतं असं सरसकट म्हणतात. पण गुरं हे झाड खातच नाहीत, मग शेणात कसं येईल? येतं ते उकिरड्याच्या कडेनं उगवलेल्या झाडांमुळं आणि गोठ्यातला झाडलोट, खळ्यावरचा भुसा, चाळणीखालचा कचरा तिथं टाकल्यामुळं. म्हणून उकिरड्याच्या भोवती चार पावलं जागा मोकळी ठेवा, आणि धान्य चाळून निघालेला कचरा तिथं टाकू नका.

खत नीट कुजलं तर ढिगाच्या मध्यात हात ठेववत नाही इतकी उष्णता होते आणि त्यात बी मरतं. आपल्याकडचे बहुतेक उकिरडे तेवढे तापत नाहीत, कारण वर्षभर थर टाकत जातो आणि मे महिन्यात कोरडाच उचलतो. पावसाळ्यापूर्वी एकदा ढीग उलथून, पाणी मारून, मातीनं लिंपून ठेवला तर खतही चांगलं होतं आणि तणही कमी होतं.

घमेल्यातली माती

नकाशावरून अंदाज आला, पण दोन कारणांत घोळ होतोय? मग हे करा. खर्च शून्य, वेळ तीन आठवडे.

ऑक्टोबरच्या शेवटी चार जुनी घमेली घ्या. एकात रानाच्या मधली वरची दोन बोटं माती, दुसऱ्यात धुऱ्यालगतची, तिसऱ्यात शेणखत, चौथ्यात दांडातली किंवा गाळाची माती. प्रत्येकावर चुन्यानं खूण करा. अंगणात ऊन-सावलीत ठेवा आणि ओल राखा. रात्री गार पडल्या की अंकुर दिसू लागतात. पहिली दोन पानं गवतासारखी अरुंद असतात, त्यामागून येणारी खरी पानं कातरलेली, पांढऱ्या शिरांची. ज्या घमेल्यात जास्त, तिथून बी येतंय.

हेच जूनमध्ये करून "काहीच उगवलं नाही" म्हणून निर्धास्त होणारेही असतात. जूनच्या उकाड्यात हे बी झोपलेलंच असतं. त्यामुळं तेव्हाच्या निकालाला अर्थ नाही.

तळ्याचा गाळ

मराठवाड्यात हे कारण अलीकडं वाढलंय. दुष्काळात तळी-पाझर तलाव आटले, २०१७ पासून 'गाळमुक्त धरण, गाळयुक्त शिवार' योजनेतून गाळ उचलायला जोर आला, आणि हलक्या रानांना त्याचा फायदाही झाला. गाळाला माझा विरोध नाही. पण तळ्याचं पाणी जानेवारीपासून मागं सरकतं तेव्हा उघड्या पडलेल्या ओलसर गाळावर पिवळा धोतरा दाट माजतो. पैठणला नाथसागराच्या काठानं गाळपेर करणाऱ्यांना हे सांगायला नको. मार्च-एप्रिलमध्ये तिथंच बोंडं फुटतात, आणि मे महिन्यात पोकलेन तोच वरचा थर उचलून तुमच्या टिपरमध्ये भरतो.

तपासायचं कसं? गाळ आणण्यापूर्वी, फेब्रुवारी-मार्चमध्ये एकदा तळ्यात उतरून पाहा. जिथं पिवळी फुलं दाट, तिथला वरचा वीतभर थर बाजूला करायला सांगा आणि खालचा गाळ उचला. बी जवळजवळ सगळं वरच्या थरातच असतं. मशीनवाला कुरकुर करतो. करू द्या.

गाळ आधीच टाकून झाला असेल तर त्या रानात पहिली दोन वर्षं रब्बीला हरभऱ्याऐवजी ज्वारी घ्या. कारण खाली सांगतो.

पाट आणि दांड

जायकवाडीचा डावा कालवा जालना-परभणीकडं येतो, उजवा बीड जिल्ह्यात माजलगावकडं जातो. कालव्याच्या, चाऱ्यांच्या भरावावर हे झाड हमखास असतं आणि बी पाण्याबरोबर पुढं सरकतं. आपल्या हातात एवढंच: दांडाच्या तोंडाशी बारीक जाळी किंवा शेडनेटचा तुकडा दोन खुंट्यांना बांधा आणि प्रत्येक पाळीला झटकून साफ करा. आपल्या हद्दीतल्या दांडाच्या दोन्ही कडा फुलापूर्वी खुरपा. ठिबक किंवा तुषार असेल तर गाळणीमुळं हा प्रश्न बहुतेक उरत नाही.

मळणी यंत्र आणि हार्वेस्टर

गावोगाव फिरणारं यंत्र आधीच्या रानातलं बी घेऊन येतं. आपल्या रानात घालण्यापूर्वी रस्त्यावरच पाच-दहा मिनिटं रिकामं चालवून झाडून घ्या. हंगामात चालकाला घाई असते, चहा पाजा. आणि हरभरा काढण्याआधी उभ्या रानातली बोंडाची झाडं विळ्यानं कापून पोत्यात भरून बाहेर काढा. यंत्रात गेली की बी रानभर उधळलं म्हणून समजा.

घरचं बी पेरत असाल तर हरभऱ्याचा दाणा मोठा असल्यानं साध्या चाळणीत धोतऱ्याचं बी खाली पडतं. धोका बारीक दाण्यात आहे, मोहरीत सगळ्यात जास्त. त्याचं पुढं वेगळं लिहिलंय.

पेरणीआधी उगवून मारणं

इथून पुढं कष्ट आणि पैसा दोन्ही लागतात.

ओलिताचं रान असेल तर सोयाबीन निघाल्यावर लगेच पेरू नका. रान ओलवून घ्या, वाफसा येऊ द्या, दहा-पंधरा दिवसांत तणाची पहिली लाट उगवेल. मग उथळ वखराची पाळी घालून ती मारा आणि पेरा. वखर उथळच. खोल गेला तर खालचं झोपलेलं बी वर येतं आणि सगळी मेहनत पाण्यात. हे बी वरच्या दोन-तीन सेंटिमीटरमधूनच नीट उगवतं.

कोरडवाहूला हा सल्ला मी देत नाही. परतीच्या पावसाच्या ओलीवर हरभरा येतो, त्यात दहा दिवस थांबलं तर ओल उडते आणि तण गेलं तरी पीकही जातं. कोरडवाहूत वेळेवर पेरणी आणि लवकरची कोळपणी, एवढंच धरून चाला.

पीक बदलणं आणि नांगरट

रब्बी ज्वारी वर सांगितली ती दोन कारणांनी. एक, ती पटकन उंच होऊन सावली धरते आणि जमिनीलगत पसरणाऱ्या या रोपाला ऊन मिळत नाही. हरभरा बुटका, सुरुवातीचा महिना तर जमीन उघडीच. दोन, ज्वारीत रुंद पानांच्या तणावर चालणारं औषध वापरता येतं, हरभऱ्यात ते चालत नाही. सोयाबीन-हरभरा, सोयाबीन-हरभरा असं वर्षानुवर्षं चाललेल्या रानातच हे तण माजलेलं दिसतं.

खोल नांगरट हा शेवटचा उपाय आणि एकदाच करायचा. उन्हाळ्यात खोल नांगरलं तर वर पडलेलं ताजं बी वीतभर खाली जातं आणि उगवत नाही. पण पुढच्या वर्षी पुन्हा तेवढंच खोल नांगरलं तर तेच बी जिवंत वर येतं. म्हणून एकदा खोल, नंतरची तीन-चार वर्षं नुसती वखराची पाळी. रोटाव्हेटरनं सगळं एकजीव करण्याची हौस इथं महागात पडते.

तणनाशक : इथं थांबा आणि विचारा

हरभऱ्यात पेरणीनंतर, उगवणीपूर्वी पेंडीमेथालिन मारतात. ते काही तणं दाबतं, पण जमिनीत ओल नसेल तर काम करत नाही, आणि नंतरच्या लाटेत उगवणाऱ्या धोतऱ्यावर त्याचा भरवसा धरू नका. उभ्या हरभऱ्यात रुंद पानांचं तण मारणारं औषध शोधणं म्हणजे हरभरा स्वतःच रुंद पानांचा आहे हे विसरणं.

दोन गोष्टी कुणाच्याही सांगण्यावरून करू नका. सोयाबीनमधलं उरलेलं इमाझेथापायर हरभऱ्यावर मारू नका, पीक आखडतं. आणि टू-फोर-डी हे रुंद पानांचं तण मारणारं औषध हरभऱ्यात किंवा शेजारी कापूस, करडई, द्राक्ष उभं असताना मारू नका. कापूस त्याच्या नुसत्या वाऱ्यानं वाकडा होतो, आणि तोच पंप धुऊन नंतर वापरला तरी धोका राहतो.

औषधापर्यंत वेळ आलीच असेल, तर आधी कृषी विज्ञान केंद्रात जा. परभणीचं वसंतराव नाईक मराठवाडा कृषी विद्यापीठ १९७२ पासून आहे आणि बदनापूर, खरपुडी, अंबाजोगाई, तुळजापूर, सगरोळी, तोंडापूर अशा ठिकाणी केंद्रं आहेत. जवळचं गाठा. जाता येत नसेल तर किसान कॉल सेंटरला १८००१८०१५५१ वर मराठीत बोलता येतं. मात्रा, पंपाचा नोझल आणि पिकाची अवस्था हे त्यांच्याकडूनच लिहून घ्या, माझ्याकडून किंवा व्हॉट्सअॅपवरून नको.

मोहरी घरची असेल तर

हा भाग शेतीचा कमी आणि घराचा जास्त आहे. तो वगळू नका.

हरभऱ्याच्या कडेनं मोहरीचे चार तास टाकायची आपल्याकडं पद्धत आहे. पिवळ्या धोतऱ्याचं बी दिसायला मोहरीसारखंच, काळं-करडं, गोल, आकारही जवळपास तोच. त्यातल्या तेलात सँग्विनरीन नावाचं विष असतं. १९९८ साली दिल्लीत मोहरीच्या तेलातल्या या भेसळीनं साठाहून अधिक माणसं दगावली. आपल्याकडं करडईचं किंवा शेंगदाण्याचं तेल जास्त, तरी घरची मोहरी गाळून तेल काढणारे किंवा लोणच्यात भरडून घालणारे आहेत.

तपासायला भिंग असेल तर उत्तम, नसलं तरी चालतं. मोहरीचा दाणा गुळगुळीत. धोतऱ्याचं बी खरखरीत, जाळीदार, जरा जास्त काळं. नखानं दाबून फोडलं तर मोहरी आतून पिवळी, धोतरा आतून पांढरा. मूठभर दाणे ताटात पसरून शंकेचे वेगळे काढा आणि फोडून पाहा. त्यात पांढरे निघाले तर ती मोहरी खाऊ नका, विकू नका, बी म्हणून ठेवू नका. तेल आधीच काढलेलं असेल तर घरी तेजाबाचे प्रयोग करत बसू नका. ते काम प्रयोगशाळेचं. अन्न व औषध प्रशासनाच्या जिल्हा कार्यालयात विचारा आणि तोवर ते तेल बाजूला ठेवा.

डॉक्टर कधी, जनावरांचा डॉक्टर कधी

घरात एकाच तेलावर जेवणाऱ्या दोन-तीन जणांच्या दोन्ही पायांवर सूज, कातडी लालसर, जुलाब, चालताना धाप, असं दिसलं तर तेल बंद करा आणि त्याच दिवशी सरकारी दवाखाना गाठा. तेलाची बाटली सोबत न्या. हे हृदयावर आणि डोळ्यांवर जातं. लेप आणि काढे करत बसण्याचा हा आजार नाही.

याचा पिवळा चीक डोळ्यात घालायचा जुना घरगुती प्रकार अजून कुठं कुठं चालतो. करू नका. काम करताना चीक डोळ्यात उडाला तर पंधरा मिनिटं स्वच्छ पाण्यानं धुवा, जळजळ राहिली तर डोळ्यांचा डॉक्टर. हातमोजे आणि पूर्ण बाह्यांचा सदरा घातला तर ही वेळच येत नाही.

जनावरं हिरवं झाड खात नाहीत, पण कडब्यात, भुशात वाळून मिसळलेलं त्यांना ओळखू येत नाही. गंजी लावताना काटेरी काड्या वेगळ्या काढा. शेळी-गाय अचानक सुस्त झाली, चारा सोडला, अंगावर किंवा पायावर सूज दिसली, तर तो चारा ताबडतोब बदला आणि पशुवैद्यकाला बोलवा.

आणखी एक. गायरान, कालव्याचा भराव, रस्त्याची कड यांवरचं तण तुमच्या एकट्याच्या आवाक्यातलं नाही. तिथं स्वतःच्या खर्चानं बाया लावण्यापेक्षा ग्रामपंचायतीत अर्ज द्या आणि जानेवारीच्या आत काम व्हावं असं त्यात स्पष्ट लिहा. मार्चमध्ये झाडं कापून उपयोग नाही, बी तोवर पडलेलं असतं.

कृषी विज्ञान केंद्रात जाताना काय न्यायचं हे बरेच जण विचारतात. रानाचा तो नकाशा, मागच्या दोन हंगामांत काय काय फवारलं त्याची यादी, घमेल्यांचा निकाल आणि एक पूर्ण रोप, मुळासकट. रोप जाड वर्तमानपत्राच्या चार घड्यांत गुंडाळा. कॅरीबॅगमध्ये घातलं तर काटे बाहेर येतात आणि एसटीत शेजारी बसलेला माणूस ओरडतो.